बोलला का?

दोरवाल्याचं निम्मं आयुष्य उलटं चालण्यात गेलं होतं आणि त्याच्या बायकोचं एका जागी बसण्यात. धंदाच तसा होता. परसात एका टोकाला लाकडी चाक रोवलेलं. ती त्याच्याशी बसून मूठ फिरवायची, आणि तो कमरेला वाखाचं गाठोडं बांधून, घायपाताची पानं कुजवून झोडपून काढलेला तो पांढरा राठ वाख बोटांतून सोडत, तिच्याकडे तोंड करून मागे मागे जायचा. "आमचे हे लग्नापासून रोज माझ्यापासून लांब चाललेत," असं ती धाकट्या जावेला सांगायची, आणि वर, "तोंड मात्र माझ्याकडे असतं हो," असंही म्हणायची. गावाला तिचं नाव ठाऊक नव्हतं. चाकवाली म्हटलं की भागत होतं.

असे तीन पेड तयार झाले की ते एकत्र वळायचे. खरी परीक्षा तिथे. पीळ कमी पडला तर दोर पोकळ राहतो, वरून दिसतो मात्र चांगला गुबगुबीत. किती पीळ बसला हे लांब उभ्या माणसाला अंदाजाने कळतं, चाकाशी बसलेल्या बाईला नक्की कळतं. पीळ भरला की मूठ तळहाताला उलटी रेटायला लागते आणि चाकाच्या आकड्यापाशी दोर करकरतो, नवी वहाण करकरते तसा. त्या घरात याला दोर बोलणं म्हणत. दोरवाला परसाच्या त्या टोकाहून हाक मारायचा, "बोलला का?" ती कान लावून, जीभ दातांत धरून आणखी थोडं फिरवायची आणि मग म्हणायची, "बोलला." त्यानंतरच तो हातातलं टोक सोडायचा.

लग्न होऊन आली तेव्हा एकदा हात भरून आला म्हणून ती जरा आधीच "बोलला" म्हणून मोकळी झाली होती. सासरा ओट्यावर पडून होता. तो उठला, दोर दोन्ही मुठींत धरून उलटा फिरवला, आणि दोर आपला भसकन उघडला. म्हातारा रागावला नाही. "पोरी," एवढंच म्हणाला, "याच्या दुसऱ्या टोकाला कोण असेल ते आपल्याला ठाऊक नसतं." तेव्हापासून तिने कानाला खडा लावला.

दोरवाल्याला एक खोड होती. गावातून चालला की दिसेल तो दोर तो ओढून बघायचा. विहिरीवरच्या पोहऱ्याचा दोर, गाईचं दावं, गाडीची बांधणी, काही म्हणजे काही सोडायचा नाही. एकदा ओसरीवरच्या पाळण्याची दोरी ओढली तेव्हा आतली बाई फणकाऱ्याने बाहेर आली. "पोर उठलं तर झोपवायला कोण, तुम्ही का?" म्हणाली. तो हसून पुढे गेला. घरी आला की बायकोला सांगायचा, "वरच्या आळीतला पोहऱ्याचा दोर अजून धडधाकट आहे बरं." सासरी गेलेल्या मुलींची खबर आणावी तसं त्याचं ते सांगणं असायचं. त्यांना मूलबाळ नव्हतं. दोरवाल्याचा धाकटा भाऊ तेवढा होता, चाकवाली लग्न होऊन आली तेव्हा नाक पुसायला शिकत होता. तिनेच त्याला लहानाचा मोठा केला. आता तो बायकोसह पलीकडच्या घरात राहायचा आणि विहिरींचा गाळ काढायचा.

मग बाजारात नायलॉन आला. निळा, पिवळा, हिरवा, चकचकीत. दुकानात गुंडाळ्या टांगलेल्या असत आणि लोक हाताने मापून नेत. दोरवाल्याने आधी नाक मुरडलं. पण दोन उन्हाळे गेले आणि त्याच्या परसात वळलेले दोर तसेच पडून राहायला लागले. त्यात टेकडीचा उतार एका कंपनीने घेतला. तिथे घायपात आपोआप वाढायचा आणि ज्याला हवा तो कापून न्यायचा. कुंपण पडलं तरी दोरवाला सवयीने कोयता घेऊन गेला. राखणदाराने कोयता काढून घेतला आणि त्याला फाटकाशी उन्हात बसवून ठेवलं. कलत्या उन्हात कोयता परत दिला. घरी येऊन त्याने तो माळ्यावर टाकला आणि बायकोने विचारलं तेव्हा, "बोथट झालाय," म्हणाला.

कंपनीने टेकडीवर 'जुनं गाव' बांधलं. बाहेरून गवताने शाकारलेल्या झोपड्या आणि आत एसी. शहरातले लोक तिथे दोन दिवस राहायला यायचे. एके दिवशी तिथला मॅनेजर दोरवाल्याच्या दारात उभा राहिला. पोरगेलासा होता, बोलायला गोड, बूट बाहेर काढून आत आला.

"काका, काकू, तुम्ही इथे घरी जे करता तेच तिथे करायचं," तो म्हणाला. "काही नवं शिकायचं नाही. वाख आम्ही देऊ. महिन्याच्या महिन्याला पगार."

दोरवाला जमिनीकडे बघत बसला. "आणि दोर घेणार कोण?"

"ती काळजी तुम्ही नका करू."

चाकवालीला मनापासून आनंद झाला. घरातले डबे रिकामे वाजत असले की माणसाला बाकी काही ऐकू येत नाही. तिने नवऱ्याच्या आधीच होकार देऊन टाकला.

टेकडीवर एक लांब उघडी पडवी होती. तिथे त्यांच्यासाठी नवं चाक रोवलं. शेजारी गावातल्याच लोहाराची भट्टी होती. लोहार रोज एकच सळई तापवायचा, वाकवायचा, आणि पाहुणे गेले की पुन्हा सरळ करायचा. "लोखंडच एक दिवस मला म्हणेल, बाबा, तुझं नक्की काय ठरलंय?" असं तो पहिल्याच दिवशी दोरवाल्याला म्हणाला. दोरवाला हसला, पण त्याला त्यातलं काही उमगलं नाही.

त्या दिवशी त्यांनी मन लावून दोर वळला. पाहुण्यांनी फोटो काढले, टाळ्या वाजवल्या. संध्याकाळी दोरवाल्याने दोराचं वेटोळं करून मॅनेजरपुढे धरलं. तळहातावरून फिरवून दाखवलं, कुठे एक कुसळ वर आलेलं नव्हतं.

"वा, छान," मॅनेजर म्हणाला. "आता सोडा."

"कुठे सोडू?"

"तसं नाही. उलगडा. वाख मोकळा करून ठेवा. उद्या हाच वापरायचा. आपल्याला महिन्याला एकच पोतं मंजूर आहे."

"मग दोर?"

मॅनेजरला प्रश्न कळला नाही. त्याने आधी चाकवालीकडे बघितलं आणि मग समजुतीच्या आवाजात म्हणाला, "काका, दोराचं आपण काय करणार? इथे बांधायला आहे काय? पाहुण्यांना दोर नकोय. दोर वळताना बघायचंय."

तो खोचून बोलला नव्हता. त्यामुळे दोरवाल्याला चिडताही आलं नाही. नवराबायको पडवीत समोरासमोर बसले आणि दोर सोडायला लागले. चांगला वळलेला दोर सोडणं म्हणजे वळण्याच्या दुप्पट काम. नखं दुखावली, बोटांची सालं निघाली, वाखाची कुसळं डोळ्यांत गेली. लोहार सळई सरळ करून, हातपाय धुऊन घरी निघाला तरी यांचं चाललेलंच होतं.

असं रोज चाललं. चाकवालीच्या अंगठ्याचं नख मुळापासून उचकटलं तेव्हा ती एका सकाळी टेकडी चढता चढता म्हणाली, "अहो, जरा सैल वळू या का?"

दोरवाला थांबला. "सैल?"

"सोडायचाच तर आहे."

तो तिच्या चिंधी बांधलेल्या अंगठ्याकडे बघत राहिला. मग पुढे चालू लागला. पण त्या दिवशी त्याने हातातलं टोक जरा लवकर सोडलं, आणि संध्याकाळी उजेड असतानाच दोघं घरी आली. चाकवालीला तेव्हा नुसतं बरं वाटलं.

पाहुण्यांना त्यांची ती हाक फार आवडायची. मॅनेजरने त्यातून एक गंमत काढली. दोरवाल्याने "बोलला का?" विचारलं की मॅनेजर हात उंच करायचा आणि सगळे पाहुणे एका सुरात ओरडायचे, "बोलला!" मग हशा, टाळ्या. सुरुवातीला चाकवालीने कान लावून बघितलं, पण त्या गलक्यात दोर बोलला असता तरी ऐकू आलं नसतं. हळूहळू तिचा हात पाहुण्यांच्या ओरडण्याबरोबर थांबायला शिकला. तीही त्यांच्यामागून "बोलला" म्हणायची, कारण म्हणायची सवय होती.

एका पाहुण्या बाईने दोर चिमटीत धरून विचारलं होतं, "हा किती भार पेलतो?"

"यावर माणूस विहिरीत उतरतो," दोरवाला म्हणाला. वर्षानुवर्षं तो हेच उत्तर देत आला होता. बाई गेल्यावर त्याने हातातल्या सैल दोराकडे बघितलं आणि तो पाठीमागे टाकला.

पगार वेळेवर यायचा. घरात धान्य आलं, गळकं छप्पर शाकारून झालं, चाकवालीला नवी चप्पल आली. आणि दोरवाला मुका होत चालला. गावातून जाताना तो आता खाली मान घालून जायचा. एका संध्याकाळी ती भांडी घासत होती, तो उंबऱ्यावर बसून वाखाने चिरलेल्या बोटांना तेल लावत होता.

"आज आपण काय केलं गं?" त्याने विचारलं.

"काय केलं म्हणजे? काम केलं."

"कसलं?"

"रोजचं."

"सकाळी वाख होता, आत्ताही वाख आहे. मधे मी दिवसभर चाललो." तो बोटं चोळत राहिला. "विहिरीवर बघ, नायलॉन. दावी नायलॉनची. उद्या मी गेलो तर या गावात ओढून बघावं असं माझं काय राहील?"

ती दमलेली होती. "गेल्यावर काय राहील ते गेल्यावर बघू," ती म्हणाली. "आधी उद्या सकाळी काय शिजवायचं ते बघा. पगार मिळतोय, सावलीत काम आहे. लोकांना तेवढंही नाही."

तो तेलाची वाटी उचलून आत गेला. बोलणं जास्त झालं हे तिला लगेच कळलं, पण हाताला राख लागलेली होती आणि शब्द परत कसे घ्यायचे ते तिला सुचलं नाही.

त्या उन्हाळ्यात विहिरी तळाला गेल्या आणि गाळ काढायला सगळीकडून धाकट्याला बोलावणी यायला लागली. तो आला की घराला वाचा फुटायची. "वहिनी, तुझा दीर आता पाताळाचा जावई झालाय," तो म्हणाला. "आठवड्यातून सहा दिवस सासुरवाडीला." मग भावाकडे वळला. "दादा, माझा दोर झिजला. नवा दे."

"नायलॉनचा घे की, सगळे घेतात," दोरवाला म्हणाला.

"ओल्या हातातून सटकतो तो. तळवे कापतो. मला तुझाच पाहिजे. वाखही आणतो, माझ्या घरामागे चार घायपात आहेत अजून. पानं कुजवून, झोडपूनच ठेवलीत."

चाकवालीने नवऱ्याचं तोंड बघितलं. कितीतरी दिवसांनी तिथे काहीतरी हललं होतं.

सुट्टीच्या दिवशी परसातल्या जुन्या चाकाला तेल पाजलं. धाकटा उपडी घातलेल्या बादलीवर बसून गप्पा मारत होता. दोरवाला कमरेला वाख बांधून निघाला, तो मागे चालताना एकदाही मागे बघत नव्हता, परसातला दगड न् दगड त्याच्या टाचांना पाठ होता. चाकवालीला गहिवरून आलं. तिला वाटलं, देवा, हा माणूस असाच राहू दे. तीन पेड झाले. ते जोडून वळायला घेतले.

"बोलला का?" दोरवाल्याने त्या टोकाहून हाक मारली. त्याचा आवाज पूर्वीसारखा खणखणीत निघाला.

आणि धाकटा बादलीवरून उठला, वहिनीकडून ऐकलं होतं तसा, मॅनेजरसारखा हात उंच केला, शहरी पाहुण्यांचा आव आणून टाळ्या पिटत ओरडला, "बोलला! बोलला!"

चाकवालीला हसू आवरेना. हसता हसताच तीही म्हणाली, "बोलला."

तिकडे दोरवाल्याने टोक सोडलं. एक क्षणभर तिला काहीतरी चुकल्यासारखं वाटलं. मूठ तिच्या तळहातात नुसतीच पडून होती, रेटत नव्हती. पण तोवर धाकट्याने दोर आकड्यावरून काढून खांद्यावर घेतलासुद्धा. दोर दिसायला देखणा होता.

"थांब, आढ्याला टाकून लोंबकळून बघू दे," दोरवाला म्हणाला. नवा दोर तो नेहमी तसा बघायचा.

"तुझा दोर ओढून बघायचा म्हणजे आईला विचारायचं, तू माझी खरीच आई का म्हणून," धाकटा म्हणाला. "उजाडता निघायचंय मला. जेवायला काय आहे, वहिनी?"

नंतर कितीदा तरी तिने तो क्षण उकरून काढला. एक वेढा उलटा देऊन बघितला असता तर. पण त्या वेळी ती उठून चुलीकडे गेली.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी, पडवीत पाहुण्यांसमोर दोर वळणं चालू असताना, मॅनेजर कडेला येऊन उभा राहिला. त्याचं तोंड उतरलं होतं. "बोलला" झालं, टाळ्या झाल्या, पाहुणे लोहाराकडे सरकले, मग तो पुढे आला.

"काका, तुमचे भाऊ विहिरीत पडलेत. जिवंत आहेत. निरोप मघाशीच आला होता." तो अडखळला. "कार्यक्रम संपेपर्यंत थांबलो."

दोघं टेकडी उतरून धावत सुटली. चाकवालीची चप्पल वाटेत कुठे निघाली ते तिला कळलं नाही. विहिरीच्या काठावर माणसं जमली होती. धाकट्याला खाटेवर निजवलं होतं, अंगभर काळा चिखल, त्यातून फक्त डोळे आणि दात. जाऊ त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसली होती. वर येताना, हात काठाला लागणार इतक्यात दोर गेला होता. तळाच्या चिखलाने जीव वाचवला, कंबर वाचवली नाही.

"वहिनी," तो म्हणाला, "पाय सापडत नाहीत गं माझे."

लोकांनी खाट उचलली. दोरवाला खाटेला खांदा देऊन गेला. चाकवाली मागे राहिली, कारण तिला रहाटाखाली पडलेलं दोराचं टोक दिसलं होतं. एक पेड तुटला होता, उरलेले दोन सुटून, केस मोकळे सोडावेत तसे, पसरले होते. तिने वरचा चांगला राहिलेला भाग दोन्ही मुठींत धरला आणि उलटा फिरवला. तो भसकन उघडला.

"काठाच्या दगडाला घासला," विहिरीचा मालक तिच्या पाठीशी येऊन म्हणाला. "दोराची काही चूक नाही, चाकवाली. तुमच्या घरचा दोर. कोण नाव ठेवेल?"

तिने तो दोर पदराखाली घेतला आणि घरी नेऊन चुलीत घातला.

धाकटा दवाखान्यातून आला तो बसूनच. एक पाय ओढला जायचा, दुसऱ्याला काही कळायचंच नाही. जाऊ लोकांच्या शेतात खुरपायला जाऊ लागली आणि दोन्ही घरांची भिस्त टेकडीवरच्या पगारावर आली. एका सकाळी निघण्याआधी दोरवाला वहाणा घालत होता, तेव्हा चाकवालीने सांगून टाकलं.

"त्या दिवशी तो बोलला नव्हता."

दोरवाला वाकलेलाच राहिला. वहाणेचा अंगठा पायात बसेना.

"दुसरं टोक माझ्या हातात होतं," तो म्हणाला. "तू सांगण्याआधी हाताला थोडं तरी कळतंच. आजवर कळत होतं." त्याने पंजे उघडून बघितले. "मलाही तो बरोबरच वाटला गं."

दोघांनी एकमेकांना बोल लावला असता तर बरं झालं असतं. ती रडली, पण चालता चालता, कारण उशीर झाला होता.

धाकट्यासाठी काहीतरी बघा म्हणून ती मॅनेजरकडे गेली. तो खरंच विचारात पडला. "बसून करण्यासारखं इथे काय आहे, काकू?"

"दोर सोडायचं," ती म्हणाली. तोंडातून निघून गेल्यावर तिला कळलं आपण काय बोललो ते. पण मॅनेजरला कल्पना पटली. पाहुणे गेल्यावर, आतल्या बाजूला बसून, थोड्या कमी पगारावर.

लोहाराने त्याला आपल्या हातगाडीवरून आणला. "गाडीला घुंगरं बांधून घे," धाकटा त्याला म्हणत होता, "म्हणजे नवरदेव आल्यासारखं वाटेल." त्याला पडवीच्या आतल्या खांबाशी टेकवून बसवलं. पाहुणे गेले. चाकवालीने त्या दिवशीचा दोर आणून त्याच्या मांडीवर ठेवला आणि तिथून निघून जायला वळली.

"बस की, वहिनी."

ती बसली. धाकट्याने दोर दोन्ही मुठींत धरला आणि उलटा फिरवला. दोर उघडला. त्याने आणखी थोडा पुढे धरून फिरवला, तिथेही उघडला. त्याचे हात थांबले. लहानपणी परसातल्या चाकाशी तो तिच्या मांडीवर बसलेला असायचा. दोराचं बोलणं त्याला काही नवं नव्हतं.

"फार सहज सुटतो गं हा," तो म्हणाला.

ती पदरावरची कुसळं वेचायला लागली.

"माझाही असाच होता. नाही का?"

त्याच्या आवाजात राग नव्हता. ओळखीचं कोणी भेटावं तसं तो बोलला. तिने मान हलवली की नुसतीच खाली घातली, तिचं तिलाही सांगता आलं नसतं.

"ओरडलो तर मीच आधी," धाकटा म्हणाला. "तू माझ्यामागून म्हणालीस." आणि तो दोर सोडायला लागला. तिचं सांत्वन करत होता तो. तिला वाटलं, याने आपल्याला शिव्या द्याव्यात, दोर तोंडावर फेकावा. तो मात्र खाली मान घालून, मुलाने अभ्यास करावा तसा, पेड वेगळे करत राहिला.

दुसऱ्या दिवशी गर्दी बरीच होती. दोरवाला उलटा चालत पडवीच्या टोकाला गेला, पेड जोडले, चाक फिरायला लागलं.

"बोलला का?" त्याने हाक मारली. हल्ली त्यात जीव नसायचा.

मॅनेजरने हात उंच केला. "बोलला!" सगळे ओरडले.

दोरवाल्याची बोटं टोक सोडायला लागली.

"नाही," चाकवाली म्हणाली.

तिने चाक थांबवलं नव्हतं. पाहुण्यांना वाटलं हा गमतीचाच भाग आहे, ते हसले आणि पुन्हा ओरडले, "बोलला!"

"अजून नाही," ती म्हणाली. "धरून ठेवा."

दोरवाल्याने तिच्याकडे बघितलं. पाय रोवले, टोक दोन्ही हातांनी आवळलं. ती फिरवत राहिली. दंड भरून आला, कपाळावरचा घाम डोळ्यांत उतरला, अंगठ्याचं नुकतंच आलेलं नख पुन्हा ठणकायला लागलं. पाहुण्यांचं हसणं विरलं, कोणी कोणी घड्याळ बघितलं. मग मूठ तिच्या तळहाताला उलटी रेटायला लागली. आकड्यापाशी दोर करकरला. बारीकच, पण पलीकडे खांबाला टेकलेल्या धाकट्यानेही मान वर केली.

"बोलला," चाकवाली म्हणाली.

पाहुण्यांनी जोरात टाळ्या वाजवल्या. मॅनेजर खुशीत जवळ आला. "काकू, हे फार छान होतं. ते 'अजून नाही' वगैरे. रोज असंच करत जा," म्हणाला आणि पाहुण्यांना घेऊन लोहाराकडे गेला.

पडवी रिकामी झाल्यावर दोरवाल्याने तो दोर आढ्यावरून टाकला, गाठ मारली आणि गुडघे दुमडून लोंबकळला. आढं कुरकुरलं. दोर जागचा हलला नाही, एक पेडही सरकला नाही. तो तसाच लोंबकळत राहिला, डोळे मिटून, म्हातारा माणूस, पाय अधांतरी. पाय टेकावेत असं त्याच्या मनात येईना. चाकवालीला त्याला थांब म्हणवेना.

"दादा," धाकटा खांबाशी बसून बघत होता, तो म्हणाला, "याने मला वर आणलं असतं."

दोरवाला खाली उतरला. गाठ सोडायलाच त्याला वेळ लागला. त्याने दोराचं वेटोळं केलं, एकदा तळहातावरून फिरवलं, कुठे एक कुसळ वर आलेलं नव्हतं. ते वेटोळं घेऊन तो पडवीच्या कडेला जाऊन उभा राहिला. खाली गाव दिसत होतं, विहिरी दिसत होत्या. वाखाचं पोतं भिंतीशी रिकामं पडलं होतं. उद्या सकाळी पाहुण्यांची बस येणार होती.

तो परत आला आणि त्याने दोर भावाच्या मांडीवर ठेवला.

धाकट्याने एक टोक धरून जोर लावला, नखाने उकरलं, दातांनी ओढलं. दोर सुटेना. "हा माझ्या एकट्याच्याने व्हायचा नाही," तो म्हणाला आणि हसायला गेला, पण ते त्याला जमलं नाही. दोरवाला त्याच्या शेजारी मांडी घालून बसला. चाकवाली समोर बसली. तिने पदराला हात पुसले, दोराचं दुसरं टोक मुठीत घेतलं आणि पीळ उलटा फिरवायला सुरुवात केली.